मागच्या दाराशी भेटलेला राजा

नटाला सगळे ओळखतात म्हणता? ऐका. लंडनला शिकत असताना एका म्हाताऱ्या नटासाठी मी थिएटरच्या मागच्या दाराशी थांबलो होतो. राजा, चोर, टीव्हीवरचा डॉक्टर, सगळं केलेला माणूस. तेवढ्यात एक टोपीवाले आजोबा बाहेर आले.

"कोणाची वाट बघतोयस?"

मी नाव सांगितलं.

"मीच तो."

"चेष्टा नको हं! मी परत जाऊन नाटकच करणार, हे त्यांना सांगायचंय."

त्यांनी तिथेच राजाचा आवाज काढला. मी वाकून पाय धरले.

"काय पडलं तुझं?"

बसस्टॉपपर्यंत मी बोलतच सुटलो. बस आली. तिथे हात केल्याशिवाय ती थांबत नाही. त्यांनी हात खिशातच ठेवले.

"अहो, तुमची बस गेली!"

"जाऊ दे. घरी कोण आहे? तू बोल."