दुभाष्याचे ओठ

—तोंडापुढे फाइल? धरतो की, साहेब. दिग्दर्शक तुम्ही, आजच आलायत, तुमचा शब्द मोडायचा कशाला? फक्त लाइट लागेपर्यंत जरा बसा. मी या मालिकेतला दुभाष्या — परराष्ट्रमंत्रीणबाईंच्या कानाशी लागणारा. तह म्हणा, युद्धबंदी म्हणा, माझ्या कुजबुजीशिवाय एक सही झालेली नाही. खऱ्या राजदूताने मला हॉटेलात ओळखून वाकून नमस्कार केलाय — बरं, त्याच्या ड्रायव्हरने. आणि बाई तरी काय लिहिलीय! दोन देशांना एका टेबलाशी आणते, आणि घरी पोटचा मुलगा तिच्यासोबत जेवायला बसत नाही. लोक त्यासाठीच तर बघतात.

आता माझं काम कसं, तर आवाज घेतच नाहीत, वरून संगीत लावतात. नुसते ओठ हलले की झालं. म्हणून मी बाईंच्या कानात मगरीची गोष्ट सांगतो. नदीवर मगरीने माझी चप्पल पळवली, मी तिच्या मागोमाग तिच्या घरी, तर दारात तिची सासू — बाईंना हसू दाबता दाबता घाम फुटतो, आणि प्रेक्षकांना वाटतं, आता युद्ध पेटणार! हसलात ना? हसा.

पण ती गोष्ट बाईंसाठी नसते, साहेब. माझ्या लेकीला जन्मापासून ऐकू येत नाही. आपण पेपर वाचतो तशी ती ओठ वाचते. म्हणून तर मी मान जरा कॅमेऱ्याकडे वळवतो — आधीचे दिग्दर्शक ओरडायचे. तिची आई अन् मी वेगळे झालो, तेव्हापासून लेक माझ्याशी बोलत नाही. का? तर बाबा थापा मारतात. मारतो, खोटं कशाला बोलू! मेसेजला उत्तर नाही, गेलो तर दार उघडत नाही. मग एकदा गोष्ट अर्धीच राहिली — जेवणाची सुट्टी झाली हो — आणि तो भाग दाखवला त्या संध्याकाळी तिचा मेसेज. ‘मग सासू काय म्हणाली?’ एवढाच. पंचविशी ओलांडलेली, नोकरी करणारी मुलगी, आणि विचारते काय, तर सासू काय म्हणाली! मी लगेच लिहिलं — पुन्हा गप्प. पण बघते, हे कळलं. तेव्हापासून ती सासू बोलतेच आहे, साहेब. मी संपवतच नाही. संपली की टीव्ही बंद करेल ना ती.

खरे मुत्सद्दी तोंड झाकतात, कुणी ओठ वाचू नयेत म्हणून — हो, पटलं, तुमचं बरोबरच आहे. पण माझे वाचणारी एकच आहे, आणि तिनं वाचावेत म्हणूनच तर — नाही, भांडत नाहीये. निदान आजचा एक सीन तसाच... शेवट सांगून टाकतो. नाही? आजपासूनच. बरं. तिला वाटेल, बाबांनीच तोंड लपवलं. — डोळे तरी दिसतील ना, फाइलच्या वर? खाली बघायचं. कागदाकडे. समजलं.

चला, बोलावतायत. तुम्ही व्हा पुढे. मेकअपवाल्या ताईंना तेवढं पाठवा, चेहरा जरा — नको. राहू दे. झाकलेलाच असणार आहे.