शूटिंगमधला झेंडूचा हार

एनिस गावी शूटिंगमध्ये मी काय घोळ घातला ते सांगतो. माझी पुतणी रिया नऊ वर्षांची, लेस्टरला जन्मलेली. तिचं हे पहिलंच काम. दादाला, म्हणजे तिच्या बाबांना, जाऊन दोनच महिने झाले होते, म्हणून तिच्यासोबत मी गेलो.

तिला घरात येऊन एवढंच म्हणायचं होतं, "बाबा, मी आले." तीनदा आली आणि तीनदा गप्प उभी राहिली. मागे कोणीतरी म्हणालं, "दुसरी मुलगी बघावी लागेल."

तेवढ्यात मला भिंत दिसली. सेट सजवणाऱ्यांनी गोष्टीतल्या बाबांच्या फोटोला झेंडूचा हार घातला होता, शोभेसाठी. कॅमेरा चालू असतानाच मी धावलो आणि हार ओढून काढला.

"काय चाललंय हे?" दिग्दर्शिका म्हणाली.

"आमच्यात जिवंत माणसाच्या फोटोला हार घालत नाहीत, बाई."

ती रियाजवळ खाली बसली. "मग तू का नाही बोललीस?"

"मला वाटलं, हे बाबापण गेले. आणि मला कोणी सांगितलंच नाही."

"गेले नाहीत गं. बाहेर चहा पितायत."

रिया आधी बाहेर जाऊन त्यांना बघून आली. मग पहिल्याच टेकला बोलली.