दादाच्या दारात पोलीस

कोर्टाबाहेर टायपिस्टच्या टेबलाशी रांगेत माझ्या पुढे शिवणकाम करणारी एक बाई होती. माप घ्यायची टेप गळ्यात तशीच राहिलेली. सारखी वळून फाटकाकडे बघत होती.

"भाऊ, पोलीस संरक्षणाचा माझा अर्ज तुम्हीच टाइप केला होतात."

"मग, मिळालं ना?"

"मिळालं. कालपासून पोलीस उभा आहे, पण दादाच्या दारात."

"ज्याच्या विरुद्ध अर्ज, त्याच्याच?"

"कागदावर पत्ता तिथला आहे."

"तो तुम्हीच सांगितलात, ताई."

"सांगितला खरा. घर कुठं म्हटलं की अजून तोच तोंडात येतो. वाटा मागितला तसा दादा जिवावर उठला. तेव्हापासून मैत्रिणीकडे राहते."

"त्या पोलिसाला कळवलंत?"

"फोन केला. म्हणाला, इथं सगळं शांत आहे, तुमचे भाऊ दोनदा चहा देऊन गेले."

"बरं, दुरुस्तीचा अर्ज करू. मैत्रिणीचा पत्ता सांगा."

"ह्याची प्रत दादाला जाते?"

"जाते. समोरच्याला द्यावीच लागते."

तिनं पुन्हा फाटकाकडे बघितलं. मग बाजूला सरून मला म्हणाली,

"तुमचं होऊन जाऊ द्या आधी."