कोळंबीवाचून सारण

ओडेली: कोळंबीवाचून? सारणात कोळंबी नको म्हणतेस? निनेट, काल बॅटन रूजहून येताना डोकंबिकं आपटलं का गं तुझं?

निनेट: आई, मी इतकंच म्हणतेय, यंदा नुसती कालवं आणि सॉसेज घालूया. बाबा पडवीत बसून कालवं फोडतायत ना, गोणीभर.

ओडेली: गोणीभर कालवं! ऑगस्टपासून हा माणूस उठता-बसता कालवंच आणतोय. कोळंबी धरणाऱ्याची बायको मी. आणि उद्या थँक्सगिव्हिंगला माझ्या टर्कीशेजारी कोळंबीवाचून सारण? चर्चमध्ये तोंड दाखवायला जागा उरायची नाही. तू तो पाव कुस्कर. एवढा बारीक नको, भुगा होतो.

निनेट: खरं सांगू का? कर्टिसच्या आईला कोळंबीचं वावडं आहे.

ओडेली: विहीणबाईंना? अगं, गेल्या वर्षी ह्याच टेबलाशी बसून दोनदा वाढून घेतलं बाईंनी! उरलेलं डब्यात भरून ओहायोला नेलं!

निनेट: नंतर झालं ते. होतं असं मोठेपणीसुद्धा. अंगावर गांधी उठतात, घसा सुजतो.

ओडेली: थेरं आहेत सगळी! शहरातल्या लोकांना हल्ली दुधाचं वावडं, पावाचं वावडं, शेंगदाण्याचं वावडं. ह्या बायूच्या संथ पाण्याकाठी माणसं बुडून मेली, पिऊन मेली, वादळात मेली. कोळंबी खाऊन कुणी मेल्याचं मी अजून ऐकलं नाही. माझ्या घरात असली नाटकं चालायची नाहीत, सांगून ठेव विहीणबाईंना.

निनेट: हळू बोल गं. बाबांना ऐकू जातंय.

ओडेली: जाऊ दे. ह्या घरात अजून कुणीतरी स्वयंपाक करतं, एवढं तरी कळेल त्याला. सॉसेज परतलंस? छान. धुराचा वास कसा सुटलाय बघ. त्याचीच चरबी सुटू दे, मग तिच्यातच कांदा, सेलरी, ढोबळी मिरची. आणि त्या कोळंबीच्या डोक्यांच्या पाण्याला हात लावू नको, उकळू दे निवांत. अरे देवा, कांद्याची पात राहिलीच की! थांब, परसातून घेऊन येते.

एल्फेज: निनेट. गेली का ती?

निनेट: गेली. बाबा, तुम्ही खोकताय. खिडकीपासून लांब सरका, सगळी वाफ तिकडे येतेय.

एल्फेज: लांबच आहे. खुर्ची पार पायरीपाशी नेलीय.

निनेट: आजच्या आज सांगून टाका तिला. नाहीतर मी सांगते.

एल्फेज: तू शपथ घेतलीयस.

निनेट: ऑगस्टात मी सुट्टीला आलेली, आई चर्चला गेलेली, तुमचा घसा मिटत चालला होता आणि मी गाडी हाणत होते हौमाच्या दवाखान्याकडे. तेव्हा मी कसलीही शपथ घेतली असती! डॉक्टर काय म्हणाले आठवतंय ना? कोळंबी नाही, खेकडा नाही, एक तुकडासुद्धा नाही. पुढच्या वेळी दवाखाना गाठता येईलच असं नाही.

एल्फेज: कालवं चालतात म्हणाला. तपासून सांगितलंय.

निनेट: मग हेच सांगा की तिला!

एल्फेज: थेरं म्हणाली, ऐकलंस ना? चाळीस वर्षं कोळंबी धरली. तिच्यावर हे घर उभं राहिलं, तू शिकलीस. आणि आता म्हणू, बाई, मला कोळंबी सोसत नाही? म्हणजे माशाने म्हणायचं, मला पाण्याचं वावडं आहे. धक्क्यावरची पोरं हसून हसून पाण्यात पडतील.

निनेट: पडू देत.

एल्फेज: पोरांचं सोड. तिचं काय? मी तिला मागणी घालायला गेलो ना, तेव्हा तिनं हेच सारण वाढलं होतं. तिसऱ्या घासाला मी विचारून मोकळा झालो. तेव्हापासून दर वर्षी पहिला चमचा मला देते, मीठ बघायला. तिला कुठल्या तोंडाने सांगू, तुझं सारण मला विष झालंय?

निनेट: मग उद्या काय करणार?

एल्फेज: टर्कीच्या तुकड्याखाली सारीन.

निनेट: तिच्या नजरेसमोर? तुम्हाला पत्ते खेळताना साधी लबाडी जमत नाही!

एल्फेज: आली ती. गप बस.

ओडेली: कुणाशी बोलत होतीस?

निनेट: बाबांशी.

ओडेली: तुझ्याशी बोलतो म्हणायचं. चल, कोळंबी टाक. गुलाबी झाली की पुरे, जास्त शिजली तर रबर होतं. आता पाव. आणि हे उकळलेलं पाणी, थोडं थोडं घाल. आणलीच आहेत तर चार कालवंही टाक. हं. ढवळ.

निनेट: आई, तू रडतेयस?

ओडेली: कांदा आहे.

निनेट: कांदा मघाशीच परतून झाला.

ओडेली: बस इथे. कुणाला बोलू नकोस. तुझ्या बापाचं मन उडालंय माझ्यावरून.

निनेट: काहीतरीच काय आई!

ओडेली: काहीतरी नाही. ऑगस्टपासून त्याचं स्वयंपाकघरात पाऊल नाही. जेवायला हाक मारली की म्हणतो, धक्क्यावर खाऊन आलो. धक्क्यावर म्हणजे त्या बर्निसच्या खाणावळीत. नवरा गेल्यापासून केस रंगवते ती. बीन्स-भात खातो म्हणे तिच्याकडे. माझ्या हातचा कोळंबीचा दाट गंबो-रस्सा सोडून बीन्स-भात! आणि खिडकीजवळची त्याची खुर्ची, जिच्यात बसून चाळीस वर्षं मला कटकट केली, तीसुद्धा उचलून पडवीत नेली. माणूस असाच जातो गं. आधी खुर्ची जाते.

निनेट: आई, तसं काही नाहीये.

ओडेली: आणि होडी? लग्नानंतर घेतली तेव्हा स्वतःच्या हाताने नाव रंगवलं होतं त्याने, ‘मिस ओडेली’. ती बांधून ठेवलीय धक्क्याला, आणि हा भाच्याच्या होडीवर कालवं काढायला जातो. भाव पडलाय म्हणे कोळंबीचा. भाव काय आजच पडला? जिच्यावर बायकोचं नाव आहे तीच होडी दोरीला बांधून ठेवायची, ह्याचा अर्थ न कळायला मी काय कुक्कुलं बाळ आहे?

निनेट: तू त्यांना सरळ विचार ना.

ओडेली: विचारणारच आहे. तोंडाने नाही, चमच्याने. आता पहिला चमचा मी त्याच्या तोंडासमोर धरणार. खाल्ला आणि नेहमीसारखा ‘मीठ कमी आहे’ म्हणाला, तर मी चकार शब्द काढणार नाही. पण तोंड फिरवलं, तर उद्याचे पाहुणे जेवून गेले की मी बॅग भरून बहिणीकडे.

निनेट: नको! आई, असली परीक्षा नको घेऊस, तुला हात जोडते!

ओडेली: एल्फेज! ए एल्फेज! आत ये!

निनेट: बाबा, येऊ नका!

एल्फेज: आलोय. जाळीचं दार आहे नुसतं, ओडेली, भिंत नाही. सगळं ऐकलं मी. दे तो चमचा.

ओडेली: एवढा खोकतोस काय?

एल्फेज: दे म्हणतो ना.

ओडेली: गरम आहे. थांब, फुंकर घालते.

निनेट: आई, चमचा खाली ठेव.

ओडेली: तू मध्ये पडू नकोस. आ कर.

निनेट: नाही!

(लाकडी चमचा फरशीवर पडतो.)

ओडेली: अगं बाई! आईच्या हातावर फटका मारलास?

निनेट: वावडं त्यांना आहे! कर्टिसच्या आईला नाही, बाबांना! ऑगस्टमध्ये घसा बंद झाला होता त्यांचा, निळे पडले होते. मी नेलं हौमाला. ह्यातला एक घास त्यांचा जीव घेईल, आई.

ओडेली: एल्फेज?

एल्फेज: खरंय.

ओडेली: आणि तू आ करून उभा होतास? माहीत असून?

एल्फेज: तू रडत होतीस.

ओडेली: मी रडते म्हणून तू मरणार? बैला! अक्कल काय जाळ्यातून गळून गेली तुझी?

एल्फेज: एका चमच्याने मेलो नसतो. बहुतेक.

ओडेली: बहुतेक म्हणतो! हो बाहेर आधी! त्या वाफेतून बाहेर हो! निनेट, खिडक्या उघड, पंखा लाव, त्या भांड्यावर झाकण टाक. त्याचं औषध कुठाय?

निनेट: इंजेक्शन आहे माझ्या पर्समध्ये. लागायचं नाही, खोकला थांबतोय बघ.

ओडेली: थांबतोय का रे?

एल्फेज: थांबला.

ओडेली: म्हणजे... मी नव्हे?

एल्फेज: काय?

ओडेली: तुझं मन उडालं ते माझ्यावरून नाही. कोळंबी. नुसती कोळंबी!

एल्फेज: नुसती कोळंबी.

ओडेली: मग बर्निस?

एल्फेज: तिच्या बीन्समध्ये कोळंबी नसते. चवही नसते.

ओडेली: आणि होडी?

एल्फेज: जाळं डेकवर उपसलं की हात सुजायचे, श्वास लागायचा. विकली मात्र नाही. दोन गिऱ्हाइकं येऊन गेली. पहिल्यानं विचारलं, नाव खोडता येतं का. मी म्हटलं, चालू लाग.

ओडेली: आणि मी मघाशी घसा ताणून थेरं म्हणत होते, तू पलीकडे बसून ऐकत होतास. जीभ झडो माझी.

एल्फेज: झडू नको देऊस. सारण कोण करणार?

ओडेली: निनेट, हे सगळंच्या सगळं बर्निसकडे पोचव.

निनेट: बर्निसकडे?

ओडेली: चार महिने माझ्या नवऱ्याला जेवू घातलंय तिनं. आणि सांग, बीन्समध्ये जरा मसाला घाल म्हणावं. आल्यावर हात धू, साबणाने, कोपरापर्यंत. मी टेबल धुऊन काढते. हे बिडाचं भांडं आता नको, चाळीस वर्षांची कोळंबी मुरलीय त्यात. माझ्या आईचं जाड पातेलं काढते, ते अजून नवंच आहे. पाव आहे अजून, ओव्हनमध्ये वाळत ठेवलाय. एल्फेज, कालवं फोडून झाली?

एल्फेज: झाली.

ओडेली: त्यांचं पाणी ओतून नाही ना दिलंस? पाव त्यातच भिजवायचाय.

एल्फेज: चाळीस वर्षं नांदलोय तुझ्या घरात. पाणी ओतून देईन?

निनेट: आले गं आई. बर्निस विचारत होती, हे कशाबद्दल?

ओडेली: मग काय म्हणालीस?

निनेट: म्हटलं, आईनं पाठवलंय. ती म्हणाली, तुझा बाप रोज येऊन माझ्या बीन्सना नावं ठेवतो. ओडेलीची सर नाही म्हणतो.

ओडेली: असं म्हणाली? हं. ते उरलेलं सॉसेज आण इकडे. नुसती उभी काय राहिलीस? कांदा चिर, कालवं कडा मुरडेपर्यंतच ठेवायची, मग पाव. लवकर, टर्की वाट बघत बसलीय.

निनेट: आई, वास आता तुझ्या सारणासारखाच येतोय.

ओडेली: माझंच आहे ते. एल्फेज! नवा चमचा आहे, नवं पातेलं आहे. कालवं, सॉसेज, पाव. दुसरं काही नाही, देवाशपथ. जाळीचं दार जरा उघड, तिथूनच घे, आ कर.

एल्फेज: हं.

ओडेली: बोल की मेल्या!

एल्फेज: मीठ कमी आहे.

ओडेली: ऐकलंस, निनेट? कालवं खारट, सॉसेज खारट, आणि म्हणतो मीठ कमी आहे!

निनेट: ऐकलं. आता कशाला रडतेस?

ओडेली: कांदा आहे. एल्फेज, वाफ गेली सगळी. खुर्ची आत आण.