काठावर कोण बसणार?

—नाही ताई, मी नाही सांगणार तिला. तुमची लेक, तुम्ही सांगा. हो हो, तुम्हीच मला पाठवलं होतं, नाही कुठे म्हणतेय — 'तुम्हाला काकू म्हणते, संशय यायचा नाही, बघून तरी या आमची धाकटी त्या पोहण्याच्या तलावावर रोज करते काय' — आणि दुसऱ्या कुणाला पाठवणार होतात? या इमारतीत कोण कुणावर रुसलंय, हे रुसणाऱ्याच्या आधी मला कळतं. मला वाटलं, एखादी भानगड सापडेल. सापडलं काय? पोरगी कमरेएवढ्या पाण्यात पालथी, मेल्यासारखी! मी अशी किंकाळी फोडली की सगळा तलाव काठावर आला. हिनं मान वर काढली, दम घेतला आणि म्हणते कशी, 'काकू, श्वास कोंडायचा सराव करतेय. बघायचंच आहे ना, मग नीट बघा. इथे पायरीवर बसा. मधूनमधून खांद्याला हात लावा. मी बोट हलवलं तर ठीक, नाही हलवलं तर ओढून वर काढा.' आता बोला! जन्मभर दुसऱ्याच्या घरात डोकावते म्हणून बोलणी खाल्ली, आणि या पोरीनं तेच काम मला मानानं दिलं.

धोका? आहे की. खोटं कशाला बोलू? श्वास कोंडला की थोड्या वेळानं पोट आतून लाथा मारायला लागतं — तुम्हाआम्हाला काय नवीन आहे ते — वाटतं, संपलं, मेले आता. पण हवा शिल्लक असते हो! शरीर आधीच बोंब ठोकतं. तुमच्यासारखंच — रागावू नका. घाबरणं आणि मरणं यांच्यामध्ये चांगली ऐसपैस जागा असते, आणि तुमची धाकटी तिथे शांत पडून असते. फक्त ती जागा कुठे संपते, ते आतल्या माणसाला कळत नाही. सगळं छान वाटत असतं म्हणे, आणि दिवा विझतो. म्हणून तर बाहेर दुसरं माणूस लागतं. एकटीनं कधी म्हणजे कधी नाही, आणि त्या दिवसापासून तो नियम आम्ही दोघींनी मोडलेला नाही.

दोघींनी म्हणजे? म्हणजे ती. आणि... बरं, मीपण. अशा काय बघताय? ह्यांना वाटतं मी गुडघ्यासाठी पाण्यात चालायला जाते. वाटू दे. पहिल्यांदा डोकं खाली घातलं ना ताई, काही म्हणजे काहीच ऐकू आलं नाही. वरच्यांचं भांडण नाही, ह्यांचा टीव्ही नाही, 'चहा झाला का' नाही. लग्न होऊन आल्यापासून माझे कान कधी मिटलेच नव्हते. लोक म्हणतात, हिला बातम्यांची हौस. हौस कसली डोंबलाची! घरात कुणी मला काही सांगत नाही, म्हणून बाहेर ऐकत हिंडते — जाऊ द्या. हे कुठलं कुठे बोलत बसले.

तर रविवारी तिला समुद्रात दोराच्या आधारानं, एका श्वासात खाली जायचंय. तिथे तिचे शिकवणारे आहेत, तिच्यासोबत खाली उतरणारे आहेत, अडाणी काकूवर सोडलेलं नाही काही. आणि तुम्ही म्हणताय, मी तिचं मन वळवावं, सगळंच सोडून दे म्हणावं. मग तलावही सुटला. मग मला कोण बघणार? माझ्या खांद्याला हात कोण लावणार, ताई?... स्वार्थ? आहे. आहे स्वार्थ. उभ्या जन्मात एक केला, तर केला.

काय म्हणालात? ह्यांना सांगाल? सांगा की! आत टीव्हीसमोरच बसलेत. फक्त मोठ्यानं सांगा, बायकांचं बोलणं त्यांना एका हाकेत ऐकू जात नाही. काय वाटेल ते म्हणू देत. मी जाणार. गुडघे धड असले तरी जाणार.

हं, तुमची धाकटी जिन्यातून हाक मारतेय बघा. आले गं, आले! — तुम्ही बसा हवं तर. पण जरा सरका ताई, माझा टॉवेल तुमच्या पाठीमागे आहे.