फरशीचा तिसरा हिस्सा

नाही, पण मला एक सांगा, फरशीचा तिसरा हिस्सा कधी कोणी विकत घेतं का? पेटी घेतात, अर्धी पेटी घेतात, फार तर दुकानदाराच्या हातापाया पडून दोन सुट्या फरश्या घेतात... पण तिसरा हिस्सा? अहो, अठ्ठावीस वर्षं मी लोकांच्या घरात फरश्या बसवतोय, मी नाही असा इसम पाहिला! आणि पाहिला तर कुठं पाहिला? बँकेच्या काचेत! मीच! समोर त्या कर्जखात्यातल्या मॅडम, वयानं माझ्या लेकीएवढ्या, आणि शांतपणे म्हणतायत, "काका, तुमच्या हिशेबानं बघितलं ना, तर पहिल्या हप्त्यात तुमची फक्त तिसरा हिस्सा फरशी आली."

थांबा, पहिल्यापासून सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल मिस्त्रीचं डोकं फिरलं.

सात वर्षांपूर्वी आम्ही घर घेतलं. साठवलेलं होतं नव्हतं ते घातलं आणि वर तीस लाखांचं कर्ज काढलं. वीस वर्षं, नऊ टक्के, दोनशे चाळीस हप्ते. हप्ता सव्वीस हजार नऊशे ब्याण्णव. घर घेताना खाली नुसता कोबा होता, म्हटलं फरशी मी बसवणार! जन्मभर लोकांच्या घरी गुडघे टेकले, एकदा आपल्या घरी टेकू! आणि तुम्हाला सांगतो, आतली खोली, बाहेरची खोली, स्वयंपाकघर, गॅलरी सगळं धरून फरश्या लागल्या किती? दोनशे चाळीस! एक कमी नाही, एक जास्त नाही. मी बायकोला आकडा सांगितला आणि ती मशीनवरून उठलीच. शाळेचे गणवेश शिवायची ती. म्हणाली, "अहो, हप्तेही दोनशे चाळीसच ना?" म्हटलं, हो. म्हणाली, "झालं तर मग! एक हप्ता, एक फरशी."

झालं! तेव्हापासून घरात हाच कायदा. पहिल्या तारखेला बँकेतून पैसे कापले गेल्याचा मेसेज आला, की ही नेलपॉलिशची बाटली घेऊन खाली बसायची आणि पुढच्या फरशीच्या कोपऱ्यात एक लाल ठिपका द्यायची. ठिपका पडला की ती फरशी आपली. नसेल तर बँकेची. आणि नुसतं ठिपक्यांवर भागलं नाही हो, त्याचे नियम झाले! आमच्या लेकीच्या हातून चहा सांडला की ती आधी खाली बघायची. "आई, बँकेच्या फरशीवर सांडलाय!" की हिचं उत्तर तयार, "मग मॅनेजरला बोलाव पुसायला, फडकं मोरीत आहे म्हणावं!" माझा मेहुणा आला की ही त्याची खुर्ची बरोबर बिनठिपक्याच्या फरशीवर ठेवायची. तो पसरून बसला की म्हणायची, "दादा, जपून हं, परक्याच्या जागेत बसलायस." पहिल्या दीड वर्षात स्वयंपाकघर आपलं झालं, मग गॅलरी झाली, मग ठिपके बाहेरच्या खोलीत शिरले... एक हप्ता, एक फरशी! राजे लोक मुलूख जिंकत जातात ना, तसे आम्ही महिन्याला दीड फूट बाय दीड फूट पुढं सरकत होतो.

साठ ठिपके तिनं दिले. दोन वर्षांपूर्वी ती गेली. पुढचे चोवीस लेकीनं दिले.

असो.

तर आता बँकेत का गेलो? गुडघ्यांपायी! डॉक्टरांनी फोटो काढला, तो उजेडासमोर धरला, आणि तोंडानं "च् च्" केलं. डॉक्टरांनी च् च् केलं की माणसानं समजावं. म्हणाले, "मिस्त्री, गुडघे झिजलेत. जपून वापरलेत तर दहा वर्षं. त्यानंतर खाली बसायचं काम विसरा." आता मला सांगा, फरशीवाला उभ्यानं काय करणार? भिंतीला नमस्कार? आणि हप्ते उरलेत तेरा वर्षांचे! गुडघे दहा, हप्ते तेरा. मधल्या तीन वर्षांत बँकेला काय देऊ, काठी?

म्हणून म्हटलं, जाऊन विचारू तरी. हिची तीन लाखांची एफडी होती, दोघांच्या नावावर. शिवणाचे पैसे, वर्षानुवर्षं बाजूला टाकलेले. अडीअडचणीला म्हणायची. ती गेल्यावर मी त्या पावतीला हात लावला नव्हता. मनात हिशेब मांडला, तीन लाख म्हणजे अकरा हप्ते, म्हणजे अकरा फरश्या, म्हणजे वर्षभर कमी. तेराचे बारा. तरी दोन वर्षं लोंबकळतातच... पण मॅडमच्या पाया पडू, म्हणू, काही सूट द्या.

लेकीला घेऊन गेलो. मॅडमना सगळं सांगितलं, ठिपकेबिपके सगळं. त्या हसल्या नाहीत हो! मला वाटलं होतं हसतील. त्यांनी कॉम्प्युटर बघितला, मग माझ्याकडं बघितलं, मग परत कॉम्प्युटर बघितला, आणि कागद काढला. लांबच लांब कागद! दोनशे चाळीस ओळी! म्हणाल्या, "काका, तीस लाख भागिले दोनशे चाळीस, म्हणजे एक फरशी म्हणजे मुद्दलाचे साडेबारा हजार. बरोबर?" म्हटलं, बरोबर. "तुमचा पहिला हप्ता जवळजवळ सत्तावीस हजारांचा. त्यातले साडेबावीस हजार व्याजात गेले. मुद्दलात गेले चार हजार चारशे ब्याण्णव." म्हटलं, म्हणजे? म्हणाल्या, "म्हणजे फरशीचा तिसरा हिस्सा. पहिल्या अख्ख्या वर्षात तुमच्या साडेचार फरश्या झाल्या."

साडेचार! बारा ठिपके दिले होते हो! मी पेढे वाटले होते वर्ष पूर्ण झालं म्हणून! म्हटलं, मॅडम, मग आजपर्यंत एकूण किती? चौऱ्याऐंशी हप्ते, बावीस लाख सदुसष्ट हजार भरलेत मी! त्यांनी ओळीवर पेन ठेवलं आणि हळूच, डॉक्टर सांगतात तसं सांगितलं, "बेचाळीस. त्यातली शेवटची कोपरा उडालेली. तुमचं कर्ज अजून चोवीस लाख सत्त्याहत्तर हजार आहे."

अर्धे! चौऱ्याऐंशीचे बरोब्बर अर्धे! अहो, स्वयंपाकघर, गॅलरी, बाहेरच्या खोलीची पहिली ओळ, बास! ज्या फरशीवर बसून मी सकाळी चहा पितो ती बँकेची! मेहुण्याला आम्ही परक्याच्या जागेत बसवत होतो, आणि आम्ही स्वतः कुठं बसत होतो?

आणि कागदाच्या तळाचा आकडा... तुम्हाला सांगतो, मी तो आकडा बघितला आणि मला राग यायला हवा होता, पण राग आला नाही. उंच इमारतीखाली उभं राहून वर बघितलं की टोपी पडते ना, तसं झालं. चौसष्ट लाख अठ्ठ्याहत्तर हजार! एकूण फेड! कर्ज तीस लाखांचं, आणि वरचे साडेचौतीस लाखांहून जास्त नुसतं व्याज. आमच्या धंद्यात शंभर फरश्यांमागं पाच जास्त मागवतात, तुटफूट म्हणून. गिऱ्हाईक त्या पाचावरून भांडतं! आणि इथं शंभरामागं एकशे सोळा तुटफूट... आणि मी सही करून आलो, वर पेन दिलं म्हणून थँक्यू म्हणून आलो!

म्हणजे फसवलं का हो कोणी? नाही ना! तोच तर चमत्कार आहे! सगळं कागदावर होतं. पहिल्या दिवसापासून कपाटात, साड्यांच्या खाली होतं. आम्ही दोघांनी त्यातला एकच आकडा वाचला, हप्ता. झेपेल का? झेपेल. मिटलं! एकूण किती, हे विचारायचं असतं हेच सुचलं नाही. मी चार फरश्यांच्या कामालाही एकूण किती ते आधी सांगतो, आणि घराला विचारलं नाही!

लेकीनं मोबाइलवर आणखी एक गणित केलं. म्हणाली, "बाबा, आज रोजचं व्याज सहाशे अकरा." रोजचं! मी काम केलं तरी, सुट्टी घेतली तरी, तापानं पडलो तरी. केवढी इमानदारी! माझ्या हाताखाली इतकी माणसं आली-गेली, असा एक कामगार मला मिळाला नाही. मी हळूच विचारलं, आई गेली त्या दिवशी? तिनं बोटं चालवली, मग थांबली. "साडेसहाशे." त्या दिवशी आमच्याकडं चूल नव्हती पेटली. कोणी घास घेतला नव्हता. व्याज तेवढं जेवलं होतं.

मॅडमनी पाणी मागवलं. मी प्यायलो. मग म्हटलं, जाऊ द्या मॅडम, एक हप्ता, एक फरशी हे आमचं अडाण्यांचं गणित. हे तीन लाख आहेत हिचे, यात अकरा हप्ते उडवा, तेवढंच एक वर्ष.

तर मॅडम म्हणाल्या, "अकरा नाही काका. एकतीस."

म्हटलं, काय एकतीस? म्हणाल्या, "हप्त्यात व्याज असतं. हे जादा भरलेलं सगळं मुद्दलात जातं. एका दमात चोवीस फरश्या. आणि मुद्दल कमी झालं की पुढचं व्याजही कमी, म्हणून मागून एकतीस हप्ते गळतात. आज तीन लाख भरलेत तर पुढचे साडेआठ लाख वाचतात."

आता मात्र मी मॅडमकडं बघतच राहिलो. म्हणजे जे जनावर सात वर्षं आपल्याला खातंय, त्याचं तोंड फिरवलं की ते तिकडून खातं? तेच दात, तेच पोट! लेक म्हणाली, "बाबा, तोंड मिटा." म्हटलं, मॅडम, मग ही एफडी कुठल्या बँकेत आहे बघा बरं. त्यांनी पावती बघितली आणि जरा खाली बघून म्हणाल्या, "आमच्याच." कितीनं? "सहा टक्के." म्हणजे बघा, हिच्या घामाचे पैसे बँकेनं आमच्याकडून सहानं घेतले आणि तेच उचलून आम्हाला नवानं दिले! एकाच इमारतीत! एफडीचं टेबल इथं, कर्जाचं टेबल तिथं, मध्ये एक कुंडी! सात वर्षं त्या कुंडीला वळसा घालायचं आम्हाला सुचलं नाही!

पण एफडी मोडायच्या कागदावर सही करताना हात थांबला माझा. जोडलेल्या पावतीवर तिचं नाव होतं ना. तिच्या अक्षरात. लेक म्हणाली, "बाबा, चोवीस फरश्या एका दिवसात. आईला आवडलं असतं." केली सही.

घरी आल्यावर म्हटलं, आता खोटे ठिपके पुसायला हवेत. बेचाळीस आणि चोवीस, सहासष्ट झाल्या आपल्या. अठरा ठिपके जास्तीचे. नेलपॉलिश उतरवायचं ते पाणी आण. तर लेक कमरेवर हात ठेवून दारात उभी! "आईचे ठिपके पुसणार नाही." म्हटलं, अगं, हिशेब चुकलाय. "चुकला नाही. आईनं आगाऊ दिलेत." मोबाइल काढला, म्हणाली, "वीस महिन्यांत सगळे खरे होतात. तोवर नवा ठिपका द्यायचा नाही, बास." एक हप्ता, एक फरशी मोडीत, पण ठिपके जागच्या जागी! आता पहिल्या तारखेला आम्ही नुसते बसतो, आणि ती तो लांब कागद वाचून दाखवते. मुद्दल किती, व्याज किती. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा जरा वाढला की आम्ही टाळी देतो. शेजारचे म्हणतात, हे काय मॅच बघतात का?

आता उरलं काय? एकशे पंचवीस हप्ते. दहा वर्षं पाच महिने. आणि गुडघे? दहा वर्षं. पाच महिने कमी पडतायत हो! गेलो परत डॉक्टरांकडं. म्हटलं, डॉक्टर, एवढं केलंत तसं पाच महिने वाढवून द्या, शेवटचा हप्ता छोटाच आहे, तो मी उभ्यानं भरतो. डॉक्टर म्हणाले, "मिस्त्री, गुडघे काय माझ्या खिशात आहेत? आणि एवढी ओढाताण कशाला? नवीन बसवून घ्या! दोन्ही! पैशाची चिंताच नको, आमच्याकडं हप्त्याची सोय आहे. हप्ता इतका मामुली, की तुम्हाला कळणारसुद्धा नाही."

मी म्हटलं, डॉक्टर, हप्ता राहू द्या. एकूण किती?

डॉक्टर चष्म्यावरून बघायला लागले. "एकूण? ...एकूण ते बाहेर काउंटरवर बघावं लागेल. असं अजून कोणी विचारलं नाही."

नमस्कार केला आणि निघालो. जिना उतरायला लागलो, एकेक पायरी, कठडा धरून, हे दोन्ही करकरतायत, मागून लोक खोळंबलेत, कोणी म्हणतंय आजोबा, कोणी म्हणतंय बाजूला व्हा... म्हटलं, करकरू देत! दुखतात, वाकडे आहेत, दहा वर्षांचेच आहेत... पण काय आहे ना, फेडलेले आहेत!