पाचव्या पानावरचं कुटुंब

अक्का : मग मी कोण, एवढंच सांग. तुमच्या त्या सरकारी भाषेत नको.

धाकटी : अक्का, गाडी खाली येऊन उभी आहे. अकराला टीव्हीवर चर्चा. आत्ताच काढायचं होतं का हे पत्र?

अक्का : आठ दिवस पिठाच्या डब्याखाली ठेवलं होतं. करखात्याचं आहे. यंदा फॉर्म तुझ्या यजमानांनी भरला ना, त्यांनी भाबडेपणानं माझंही नाव घातलं. तर हे म्हणतात, ‘सदर व्यक्ती या कुटुंबाची सदस्य नाही.’ सदर म्हणजे मीच ना?

धाकटी : हो. म्हणजे कागदावर. कुटुंबाचा कर एकत्र भरताना नवरा, बायको आणि मुलं एवढीच धरतात.

अक्का : कोणी ठरवलं?

धाकटी : करनियम ठरवणाऱ्या आमच्या समितीनं. अहवालाच्या पाचव्या पानावर आहे ते.

अक्का : ते पान तर तू याच टेबलावर लिहिलंस. पोरगी तीन महिन्यांची, माझ्या खांद्यावर. तू मान वर न करता विचारलंस, ‘अक्का, कुटुंब म्हणजे कोण गं?’

धाकटी : मी तुला विचारलं होतं?

अक्का : मग! मी म्हटलं, तू, तुझे यजमान आणि ही पोरगी.

धाकटी : आणि तू?

अक्का : मी तेव्हा दोन महिन्यांसाठी आलेली, कायमची राहिले ती नंतर. पाहुणी कधी स्वतःला मोजते का?

धाकटी : सव्वीस वर्षं ते वाक्य घेऊन भांडतेय मी! आज समोर बसणारा प्राध्यापक म्हणणार, घरात राहतात ते सगळे धरा. मी म्हणणार, मग कुणीही येऊन सांगेल की मी घरचाच. माझं उत्तर पाठ आहे.

अक्का : खरंय की तुझं.

धाकटी : आणि त्याचं?

अक्का : तेही खरं वाटतं गं. तुझ्याकडे बघितलं की तुझं पटतं, पत्राकडे बघितलं की त्याचं.

धाकटी : तू निदान चिड तरी माझ्यावर!

अक्का : कशी चिडू? सकाळी देवापुढे हात जोडले, तुम्हा तिघांची नावं घेतली आणि पुढे अडलेच. म्हटलं, चौथं घ्यावं की नाही?

(खालून गाडीचा हॉर्न.)

धाकटी : मी चुकले असं तिथे म्हटलं, तर आजवरचं सगळं काम पाण्यात. नाही म्हटलं, तर तू या घरातली नाहीस. ते पत्र दे इकडे. खाली हरकतीची चौकट आहे.

अक्का : तुझ्याच नियमावर तुझीच हरकत? लोक हसतील.

धाकटी : हसू देत. टीव्हीवर काय बोलेन ते मला माहीत नाही, पण हे भरून जाते. पेन कुठंय? ‘सदर व्यक्ती आपली कोण?’ असं विचारलंय. काय लिहू, अक्का?

अक्का : तूच ठरव बाई. मागच्या वेळी मला विचारलंस, तर बघ काय झालं.